शॉर्टस्टॉपची रिकामी जागा

डिसेंबर २०२४ मध्ये सॅन फ्रान्सिस्को जायंट्स या बेसबॉल क्लबने शॉर्टस्टॉप विली अदामिसशी सात वर्षांसाठी १८.२ कोटी डॉलरचा करार केला. क्लबच्या इतिहासातला तोवरचा सर्वांत मोठा. टाळ्या वाजल्या. त्याच्या काहीच दिवस आधी क्लबचा जुना शॉर्टस्टॉप ब्रँडन क्रॉफर्डने निवृत्ती जाहीर केली होती. तेव्हा हळहळलेल्या लोकांना आता नवा हिरो मिळाला. माझी हळहळ मात्र अजून उतरलेली नाही.

शॉर्टस्टॉप म्हणजे दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसच्या मधला पहारेकरी. फलंदाज पहिल्या बेसवर पोचायला चार-साडेचार सेकंद घेतो. तेवढ्यात चेंडू अडवायचा, उचलायचा आणि अचूक फेकायचा. ज्यांनी एकनाथ सोलकरच्या शॉर्ट लेगच्या कथा ऐकल्या आहेत, त्यांना धावफलकावर न दिसणाऱ्या कामाची किंमत वेगळी सांगायला नको.

सुरुवातीची वर्षं भराभर उरकतो. क्रॉफर्ड बे एरियातल्या प्लेझंटनचा. १९९२ मध्ये जायंट्स फ्लोरिडाला जाणार अशी हूल उठली, तेव्हा कँडलस्टिक पार्कच्या कठड्याशी पडेल चेहऱ्याने उभ्या असलेल्या पाच वर्षांच्या ब्रँडनचा फोटो स्थानिक दैनिकात छापून आला होता. मग यूसीएलए, २००८ च्या ड्राफ्टमध्ये चौथी फेरी, मायनर लीगमधली बस-प्रवासाची वर्षं. मे २०११ मध्ये मिलवॉकीत पहिलाच मेजर लीग सामना आणि त्यात ग्रँड स्लॅम, एका फटक्यात चार धावा!

इथून पुढचं दशक मात्र आमचं. नोकरीसाठी इकडे बे एरियात येऊन स्थिरावलेल्या आम्हा मराठी मंडळींना बेसबॉल कळायला लागला तो याच काळात. २०१२ ची वर्ल्ड सिरीज जिंकून झाली. २०१४ मध्ये पिट्सबर्गला बाद फेरीच्या सामन्यात क्रॉफर्डने पुन्हा ग्रँड स्लॅम मारला. पोस्टसीझनमध्ये शॉर्टस्टॉपने मारलेला तो पहिलाच. पण मला आठवतो तो त्याच वर्षीच्या वर्ल्ड सिरीजचा, कॅन्सस सिटीतला सातवा सामना. धावा २–२. कॅन्सस सिटीच्या एरिक हॉस्मरचा फटका मैदानाच्या मधून सुसाट निघाला. आमचा सेकंड बेसमन जो पॅनिकने सूर मारून तो अडवला आणि ग्लव्हनेच क्रॉफर्डकडे ढकलला. क्रॉफर्डने उघड्या हातात घेतला, बेसला पाय लावला, वळून पहिल्या बेसवर फेकला. डबल प्ले! पंचाने आधी हॉस्मरला सेफ दिलं, रिप्ले पाहून निर्णय फिरला. जायंट्स ३–२ ने जिंकले. सगळे पिचर बमगार्नरचे गोडवे गातात, रास्तच आहे. पण त्या दोघांचं नाव कोण घेतं?

२०१६ मध्ये मायामीत त्याने एका सामन्यात सात हिट्स मारल्या. चार गोल्ड ग्लव्ह मिळवले. पहिल्या बेसवर बेल्ट, मग पॅनिक, क्रॉफर्ड, मागे कॅचर पोझी: सगळी स्वतःच्या मायनर लीगमध्ये घडवलेली पोरं. मग एकेक जण गळत गेला. मधली दोन-तीन पडेल वर्षं मी वगळतो, टीव्ही तेव्हाही बंदच असायचा. २०२१ मध्ये संघाने १०७ सामने जिंकले, क्रॉफर्डने ३४ व्या वर्षी २४ होमरन ठोकले आणि डॉजर्सविरुद्ध त्या हंगामाचा शेवट एका अर्धवट स्विंगला दिलेल्या स्ट्राइकने झाला. तो निर्णय चुकीचाच होता. आजही तेच म्हणेन.

२०२३ मध्ये त्याची सरासरी ०.१९४ वर घसरली. आकडे खरे होते, त्यामुळे नवा करार दिला नाही ही तक्रार मी करत नाही. माझी तक्रार पुढची आहे. ज्या तरुण मार्को लुसियानोच्या भरवशावर वाट मोकळी केली, त्याला मागे ठेवून २०२४ चा पहिला सामना खेळला निक अहमद: अ‍ॅरिझोनाचा, वयाची चौतिशी गाठलेला, ग्लव्ह उत्तम आणि बॅट दुबळी. म्हणजे म्हातारा शॉर्टस्टॉप चालत होता, फक्त आपला नको होता! जुलैत अहमदलाही सोडलं, आणि त्याच महिन्यात त्याने डॉजर्सच्या गणवेशात आपल्याच विरुद्ध होमरन मारला. क्रॉफर्ड तेव्हा सेंट लुईसच्या बाकावर बसून नव्या पोरांना शिकवत होता.

आता संघाचा कारभार त्याच बस्टर पोझीच्या हाती आहे. त्याने पैसे मोजून उत्तम खेळाडू आणला, त्यात खोट नाही. पण पोझी आणि क्रॉफर्ड ज्या मुशीतून निघाले ती मूस थंड पडली, म्हणून तर चेकबुक काढावं लागलं. ती पुन्हा पेटवण्याचं काम १८.२ कोटींत होत नाही. त्याला दहा वर्षं लागतात, आणि तेवढा दम आजकाल कुठल्याच मालकाला नसतो.