नखाएवढी बाग

'नखरा' या शब्दाचा नखाशी काडीचाही संबंध नाही, तो फारसीतून आपल्याकडे आला, असे वर्गात सांगितले की मुलींचे चेहरे उतरतात. संबंध असायला हवा होता, असे त्यांना मनापासून वाटत असते. त्यांचे तरी काय चुकले? मराठीने नखाला मान असा कधी दिलाच नाही. 'त्याच्या नखाचीही सर नाही' म्हणताना नख म्हणजे क्षुद्रातले क्षुद्र. 'नखभर' म्हणजे जवळजवळ नाहीच. आणि 'नख लावणे' म्हणजे तर सरळ जीव घेणे. वाघनखे तेवढी आपल्या इतिहासात अजरामर झाली. माणसाची नखे 'शनिवारी कापू नयेत, दिवेलागणीनंतर कापू नयेत' एवढ्या चर्चेपुरतीच घरात उरली.

या उपेक्षित नखाचे ग्रह अलीकडे पालटले आहेत. नुसता रंग लावणे आता जुने झाले. आता नखावर फूल उगवते. ते चितारलेले नव्हे. डोळे मिटून बोट फिरवले तर पाकळीची कड हाताला लागेल असे, चांगले उठावाचे. पाच पाकळ्या, मध्ये बारीकसा मोती, बाजूला दोन पाने. ब्यूटी पार्लरच्या भाषेत याला 'थ्री-डी नेल आर्ट' म्हणतात. मी आपली 'उठावाची नखनक्षी' म्हणते. भाषा शिकवणाऱ्या बाईला एवढा हट्ट माफ असावा.

ही नखनक्षी जवळून, तयार होताना पाहिली ती मुंबईत किंवा पुण्यात नव्हे, तर घिवलीला. बोईसर स्टेशनावर उतरून पश्चिमेकडे निघाले की तारापूरच्या अणुवीज केंद्राच्या बाजूला, समुद्राच्या काठी हे गाव आहे. १९६९ साली तारापूरला अणुवीज निर्माण होऊ लागली आणि ते नाव शाळेच्या पुस्तकांत गेले. शेजारची घिवली मात्र पुस्तकाबाहेरच राहिली. माझी थोरली बहीण तिथे दिलेली. गावात शिरताना आधी वाळत्या बोंबलांचा वास येतो आणि ताईच्या घराशी आले की पडवीतून टकटक ऐकू येते. ही टकटक भावोजींच्या हातोडीची. ते दागिन्यांचे ठसे कोरतात.

चिंचणी, वरोर, वाढवण या सगळ्या किनाऱ्यावर हा धंदा घरोघर चालत आला आहे. ठसा हा आपला शब्द. तिकडे लहान पोरापासून सारे 'डाय'च म्हणतात. पोलादाचा लहानसा ठोकळा घ्यायचा, त्यात बारीक छिन्नीने फूल, कोयरी, मोर असे काही कोरायचे. मात्र कोरायचे उलटे! दागिन्यावर जे वर यायचे ते पोलादात खोल जाते आणि जे खाली राहायचे ते वर राहते. मग तो ठोकळा लाल होईपर्यंत तापवून, विझवून कठीण करायचा. त्यावर सोन्याचा, चांदीचा किंवा पितळेचा पत्रा ठेवून दाब दिला की पत्र्यावर फूल उमटते. तुमच्याआमच्या कानांतल्या कितीतरी कुड्या अशा एखाद्या पडवीत आधी उलट्या जन्मलेल्या असतात. चाळीस वर्षे उलटे पाहून भावोजींची नजर अशी झाली आहे की ताईने केलेल्या करंजीची मुरडसुद्धा ते दिव्यासमोर तिरकी धरून बघतात. ताईला अर्थातच त्याचा संताप येतो.

माझी भाची याच पडवीच्या दुसऱ्या टोकाला बसून नखे करते. बोईसरच्या कॉलेजात जाता-येता तिने ही विद्या उचलली. थोडी एका ओळखीच्या मुलीकडून, थोडी मोबाइलवर बघून. तिच्या टेबलावरचे सामान फार नाही: बारीक टोकाचा कुंचला, रंगीत भुकटीच्या डब्या, झाकणाची एक काचेची वाटी आणि तिच्यात पाण्यासारखा दिसणारा, उग्र वासाचा द्रव. कुंचला द्रवात बुडवायचा, वाटीच्या काठावर थोडा निथळायचा आणि त्याचे टोक भुकटीला लावायचे. टोकाशी साबुदाण्याएवढी गोळी फुगते. सारी कला त्या गोळीत आहे. द्रव जास्त झाला तर ती कच्च्या पाकासारखी ओघळते. भुकटी जास्त झाली तर तूप कमी पडलेल्या बेसनाच्या लाडवासारखी भगराळते. ठीक जमलेली गोळी आधी चकाकते, मग क्षणभराने तिची चमक मंदावते. त्याच क्षणी ती नखावर ठेवायची, कुंचल्याच्या पोटाने दाबायची आणि टोकाने मध्याकडे ओढायची. झाली पाकळी! पाचसात मिनिटांत ती दगड होते. उन्हाळ्यात त्याहूनही लवकर होते, म्हणून मे महिन्यात भाची पहाटे उठून काम करते. थंडीत तीच गोळी आळसावते.

ज्या बायकांनी मोदकाच्या कळ्या पाडल्या आहेत त्यांना हे शिकवायला वेळ लागत नाही, असे तिचे म्हणणे. मला ते पटते. बोटाच्या पेराने उकडीची कड चिमटून वर काढणे आणि कुंचल्याने पाकळीची कड वर ठेवणे यांत फरक आकाराचा आहे, विद्येचा नाही. ज्यांना घाईची भीती वाटते त्यांच्यासाठी घट्ट, मळलेल्या कणकेसारखे जेलही मिळते. दिव्याखाली धरीपर्यंत ते घट्ट होत नाही, त्यामुळे हवा तेवढा वेळ घोटाळत बसता येते. तो दिवा म्हणजे अतिनील किरणांचा, मुद्दाम त्यासाठी केलेला, देवघरातला नव्हे.

आता या भुकटीची वंशावळ सांगते, कारण ती ऐकून आमच्या स्टाफरूममध्ये फार करमणूक झाली. अमेरिकेत फिलाडेल्फियाला फ्रेड स्लॅक नावाचे दंतवैद्य होते. १९५०च्या दशकात त्यांचे एक नख मोडले आणि त्यांनी दातांच्या कामाचे ॲक्रिलिक वापरून ते जोडले; कृत्रिम नखांचा आजचा धंदा तिथून सुरू झाला, असे सांगतात. म्हणजे नातीच्या नखावरचा गुलाब आणि आजोबांची पाण्याच्या पेल्यातली कवळी ही एकाच कुळातली! नखांचे शौक अर्थात त्याआधीचे आहेत. चीनच्या राजमाता त्सु-शी यांची विसाव्या शतकाच्या आरंभीची छायाचित्रे आहेत. त्यांत त्यांच्या बोटांवर लांबलचक नक्षीदार नखटोप दिसतात. इराणात एकोणिसाव्या शतकात याच्या उलट प्रकार होता. तिथले कलावंत नखाने कागद दाबून अक्षरे आणि फुले उठवीत; शाई नाही, रंग नाही, कागदावर पडलेल्या सावलीने वाचायचे. आपल्याकडेही त्या जातीची नखचित्रे काढणारे होऊन गेले. तेव्हा नख हत्यार होते, आता ते स्वतःच कागद झाले आहे.

हौस म्हणून घरी करू पाहणाऱ्या मुलींच्या आयांना मात्र दोन शब्द सांगायलाच हवेत. द्रवाच्या बाटलीवर 'इथाइल मेथाक्रायलेट' लिहिलेले पाहून घ्यावे. 'मिथाइल'वाला द्रव स्वस्त पडतो, पण तो फार कडक बसतो. असे नख कुठे अडकले तर खालचे खरे नख घेऊनच उचकटते. अमेरिकेच्या सरकारी खात्याने १९७०च्या दशकातच त्यावर कारवाई केली होती. दुसरे, न वाळलेला द्रव किंवा जेल कातडीला लागू देऊ नये. ॲलर्जी एकदा जडली की ती बहुधा जन्माची सोबतीण होते, आणि पुढे दातात भरायच्या सिमेंटलाही शरीर नकार देऊ शकते. जेल दिव्याखाली कडक व्हावे म्हणून त्यात घालतात त्या टीपीओ नावाच्या द्रव्यावर युरोपीय संघाने १ सप्टेंबर २०२५ पासून सौंदर्यप्रसाधनांत बंदी घातली आहे; तेव्हा लेबल वाचण्याचा कंटाळा करू नये. खिडकी उघडी ठेवावी. आणि दिवाळीचे दिवस आहेत म्हणून मुद्दाम सांगते, नखे उतरवायला लागणारे ॲसिटोन रॉकेलपेक्षाही चटकन पेट घेते. पणत्या लावायच्या खोलीत ती बाटली उघडूसुद्धा नये.

आमच्या भाचीला पहिल्याच वर्षी बोटांच्या टोकांना खाज सुटून कातडी सोलली. बोईसरच्या डॉक्टरांनी काम बंद करायला सांगितले. दोन महिने टेबल झाकून ठेवले होते. ताईने तेवढ्यात दोन स्थळेही पाहून ठेवली. पोरगी मात्र जाड हातमोजे आणून पुन्हा बसली, आणि तेव्हापासून तिने माणसाच्या बोटावर काम करणेच सोडले. ती आता प्लॅस्टिकच्या सुट्या नखांवर फुले करते आणि दहा नखांचा संच डबीत घालून देते. लग्नाच्या दिवशी चिकटवायची, समारंभ झाला की काढून ठेवायची.

हा निर्णय हातमोज्यांनी झाला असला तरी तो गावाला फार मानवला. घिवलीतल्या मांगेल्यांच्या मुली कोलंबी सोलतात, बोंबील निवडतात, टोपल्या उचलतात. बोटावर पक्के बसवलेले नख तिथे आठवडाभर टिकायचे नाही, आणि टिकले तर कामाच्या आड यायचे. पक्क्या नखांना दुसरीही कटकट आहे: हाताचे नख महिन्याला सुमारे तीन मिलिमीटर वाढते, त्यामुळे पंधरावीस दिवसांत मुळाशी फट दिसू लागते आणि ती भरून घ्यायला पुन्हा पैसे. परिचारिकांना तर कृत्रिम नखे लावून रुग्णाला हात लावू नये असे जागतिक आरोग्य संघटनेनेच २००९ साली सांगून ठेवले आहे. सुट्या नखांना यांतली एकही अडचण नाही. एका नवरीने तर लग्नातला संच बहिणीच्या लग्नासाठी जपून ठेवला. "मावशी, माझे गिऱ्हाईक बुडाले," असे भाची तोंडाने म्हणाली, पण तिचा चेहरा काही बुडालेला दिसला नाही.

खरी चकमक झाली ती बापलेकीत. भावोजींच्या धंद्याला संगणकावर चालणाऱ्या यंत्रांनी ग्रासले आहे. हाताने आठवडा लागणारा ठसा यंत्र एका दिवसात कोरून टाकते. मुलगा तारापूरच्या औद्योगिक वसाहतीत नोकरीला लागला. पडवीत छिन्नी धरणारे कोणी उरले नाही. मुलीला छिन्नी शिकवावी असे भावोजींच्या मनात कधी आले नाही आणि तिनेही कधी मागितली नाही. एके दिवशी त्यांनी तिची फुले उन्हात तिरकी धरून पाहिली आणि म्हणाले, "पाकळ्या सगळ्या सारख्या जाड आहेत. म्हणून फूल झोपलंय. कड वर आण, पोट खाली दाब. उजेड कडेवर अडकला पाहिजे." तिने तसे केले. पुढच्या संचातली फुले मी पाहिली आहेत. ती नखावरून उचलून घ्यावीशी वाटतात.

मग उत्साहाच्या भरात त्यांनी तिच्यासाठी पितळेचा एक चिमुकला ठसा कोरला. पाच पाकळ्यांची तगर, हरभऱ्याच्या डाळीएवढी. गोळी आत दाबली की फूल तयार, दर वेळी तेच, बिनचूक. भाचीने तो हातात घेऊन बराच वेळ पाहिला आणि म्हणाली, "बाबा, दहाही बोटांवर एकच फूल आलं तर माझ्याकडे कोण कशाला येईल? तसली तर दुकानात तयार मिळतात." आयुष्यभर एक फूल हजारदा उमटावे म्हणून खपलेल्या माणसाला हे ऐकणे सोपे गेले नसणार. दोन दिवस पडवीच्या एका टोकाने दुसऱ्याशी बोलणे टाकले होते. ताई मध्ये बसून शेव पाडत होती. ती कोणाच्याच बाजूची नव्हती.

ठसा टाकून मात्र दिला नाही. पाने ती त्यात दाबून काढते, कारण पाने मोजायला कोणी बसत नाही, फुले हातानेच. आणि भावोजींनी एक नवी युक्ती काढली आहे. सोनाराला नवा नमुना दाखवायचा असेल तर पोलादाला छिन्नी लावण्याआधी ते भाचीकडून तो पांढऱ्या ॲक्रिलिकमध्ये सुलटा करवून घेतात, खिडकीशी नेऊन वरखाली फिरवून बघतात आणि मगच उलटा कोरायला बसतात. यंत्राच्या पडद्यावरच्या चित्रात उजेड खोटा असतो, असे त्यांचे मत आहे. या आश्विनात कुड्यांचा एक नमुना त्यांनी तिच्याकडून चार वेळा बदलून घेतला. चौथा पसंत पडल्यावर भाचीने चारही फुलांचे पैसे मागितले. भावोजींनी खिशातून काढून दिले, आणि तिने ते तिथेच उभी राहून मोजून घेतले.