शिपायाची साक्ष

राजांच्या बखरी उदंड झाल्या. शिपायाची बखर कोण लिहितो? जेरेमी आयझॅक्स या ब्रिटिश दूरचित्रवाणी निर्मात्याने या प्रश्नाचे एक उत्तर देऊन ठेवले आहे. १९३२ साली ग्लासगोत जन्मलेले हे गृहस्थ १९५८ मध्ये ग्रॅनडा कंपनीत शिरले. पुढे टेम्स कंपनीत त्यांनी दुसऱ्या महायुद्धावर ‘द वर्ल्ड ॲट वॉर’ ही २६ भागांची माला उभी केली. ती १९७३-७४ मध्ये प्रक्षेपित झाली.

त्यांची रीत ध्यानात घेण्याजोगी आहे. मुत्सद्दी आणि सेनापती त्यांनी वगळले नाहीत. पण साधे सैनिक आणि गृहिणी यांनाही कॅमेऱ्यापुढे मानाने बसवले. हिटलरची चिटणीस बोलली, तसे छळछावणीतून वाचलेलेही बोलले. मालेचा आरंभ आणि शेवट फ्रान्समधल्या ओराडूर गावच्या पडक्या भिंतींपाशी होतो. तेथे १९४४ साली नाझी सैनिकांनी ६०० हून अधिक गावकरी मारले. एक भाग ब्रह्मदेशच्या आघाडीचा आहे. तेथील चौदाव्या सेनेत बहुसंख्य शिपाई हिंदी होते.

युद्ध संपून तेव्हा तीस वर्षेही झाली नव्हती. साक्षीदार हयात होते, म्हणूनच हे साधले. पुढे १९९८ मध्ये आयझॅक्स यांनी शीतयुद्धावरही २४ भाग काढले.

आम्ही कामगारांत वावरणारी माणसे. १९८२ च्या मुंबईच्या गिरणी संपातल्या कितीतरी जणांना आम्ही खांदा दिला. त्यांची हकीकत त्यांच्याबरोबरच गेली. जे उरले आहेत त्यांच्यासाठी कॅमेरा नसला तरी चालेल; एक वही आणि ऐकणारा कान पुरे. पण जायचे ते आजच.