गेम आहे, एम्युलेटर आहे, मग बायोस कशाला?

एम्युलेटर टाकला, गेम निवडला, आणि स्क्रीनवर आलं: 'बायोस सापडला नाही.' आता ही तिसरी भानगड काय? आज तेवढंच बोलू.

पहिलं प्लेस्टेशन घ्या. १९९४ साली जपानमध्ये आलेल्या या कन्सोलच्या एका चिपमध्ये ५१२ केबीचा प्रोग्राम कायमचा बसवलेला असतो. तो बायोस. पॉवर बटण दाबलं की आधी तो जागा होतो. सुरुवातीचा तो लोगो, तो आवाज, सगळं त्याचंच. मग तो डिस्क तपासतो आणि गेम सुरू करतो. पण तिथे त्याची सुट्टी होत नाही. मेमरी कार्डवर सेव्ह करायचं, डिस्कवरची फाइल उघडायची, की गेम त्यालाच हाक मारतो. एम्युलेटर नक्कल करतो हार्डवेअरची. हाकेला ओ द्यायला बायोस लागतोच.

मग एम्युलेटरवाले तो सोबतच का देत नाहीत? कारण तो कोड सोनीचा आहे, कॉपीराइटही सोनीचा. १९९९ मध्ये कनेक्टिक्स कंपनीने मॅकवर प्लेस्टेशनचे गेम चालवणारं सॉफ्टवेअर आणलं. सोनी कोर्टात गेली. कनेक्टिक्सने अभ्यासासाठी बायोसच्या कॉपी केल्या होत्या, पण विकलेल्या सॉफ्टवेअरमध्ये सोनीचा कोड नव्हता. बायोसचं काम करणारा कोड त्यांनी स्वतः लिहिला होता. २००० मध्ये अमेरिकेतल्या अपील कोर्टाने कनेक्टिक्सच्या बाजूने निकाल दिला. म्हणजे बघा, तेच काम करणारा नवा कोड लिहिणं वेगळं, आणि मूळ फाइल वाटत सुटणं वेगळं.

त्यामुळे आपल्यापुढे दोन सरळ रस्ते आहेत. स्वतःचं जुनं कन्सोल असेल तर त्याच्यातूनच बायोस काढून घ्यायचा. नाहीतर बायोसची कामं स्वतः करणारा एम्युलेटर निवडायचा. पीएसपीसाठीच्या पीपीएसएसपीपीला बायोस लागतच नाही. पीसीएसएक्स रीआर्म्डमध्ये प्लेस्टेशनचा पर्यायी बायोस आतच असतो, फक्त काही गेम त्यावर अडखळतात.

आणि एक लक्षात ठेवा. बायोस ही नुसती डेटा फाइल असते, ती इन्स्टॉल करावी लागत नाही. 'बायोस'च्या नावाखाली कोणी एपीके देत असेल आणि ते कॉन्टॅक्ट्सची परवानगी मागत असेल, तर तिथूनच मागे फिरा. जुना गेम खेळायला तुमची फोनबुक कशाला लागते?

चला, भेटू पुढच्या भागात!