केहिमकर किहीमला येतात तेव्हा

मांडव्याच्या जेट्टीवर लाँचमधून उतरून अलिबागची वाट धरली की गावांचे फाटे लागत जातात. आवास, किहीम, झिराड, नवगाव. अलिबागच्या पलीकडे चौल, रेवदंडा. खाडीच्या अंगाला पेण, तर कुंडलिकेच्या काठी रोहा आणि अष्टमी. मुंबईकराला यातून शनिवार-रविवारचा समुद्र आठवतो, फार तर बंगल्यांच्या प्लॉटचे भाव. इस्रायलमधल्या दिमोना, अश्दोद, बीरशेबा, रामला या शहरांत मात्र हीच नावं घरांच्या दारांवर सापडतात: आवासकर, केहिमकर, झिराड, नवगावकर, चेऊलकर, पेणकर, रोहेकर, अष्टमकर. बेने इस्रायली ज्यू कोकणातून गेले तेव्हा गावं आडनावांत घेऊन गेले. त्यांची नातवंडं-पतवंडं हल्ली उलट्या दिशेने येतात, बॅकपॅक पाठीला लावून, मोबाइलवर किहीमचा नकाशा उघडून. लष्करातली सक्तीची सेवा संपली की तरुण इस्रायली जग फिरायला निघतात. बहुतेकांचा भारत गोवा आणि हिमाचलात आटोपतो, पण काहींची पावलं रायगडात वळतात.

पूर्वजांच्या देशाच्या शोधात निघालेल्यांची प्रवासवर्णनं जगात भरपूर आहेत. त्यांचा ठरलेला साचाही आहे: परदेशात वाढलेला नातू येतो, घर सापडतं, डोळे भरून येतात. बेने इस्रायलींची गोष्ट या साच्यात बसत नाही, कारण त्यांना पूर्वजांचे देश दोन. एक, ज्याच्यासाठी प्रार्थनेत पिढ्यान्‌पिढ्या आस धरली तो. दुसरा, जिथे त्या प्रार्थना म्हटल्या तो. यातला पहिला प्रत्यक्ष मिळाल्यावर दुसऱ्याची किंमत कळली, असं माझं मत झालं आहे.

दंतकथेपासून सुरुवात करू. नवगावच्या किनाऱ्याजवळ एक जहाज फुटलं. सात पुरुष आणि सात बायका तेवढ्या वाचल्या. बुडालेल्यांची प्रेतं किनाऱ्यावर लागली, ती तिथेच पुरली. धर्मग्रंथ समुद्रात गेले. उरली ती आठवण आणि सवयी. जहाज कधी फुटलं, कुठून आलं होतं, याला कागदाचा आधार नाही. हाईम सॅम्युएल केहिमकर यांनी १८९७ मध्ये आपल्या समाजाचा इतिहास इंग्रजीत लिहून पुरा केला (तो छापला गेला १९३७ मध्ये, तेल अवीवला). त्यांचा अंदाज इसवी सनापूर्वी १७५च्या सुमाराचा. अलीकडच्या जनुकीय अभ्यासांतून एवढं दिसतं, की या समाजात पश्चिम आशियाई ज्यू आणि स्थानिक भारतीय असे दोन्ही वंशधागे मिसळलेले आहेत.

किनाऱ्यावर राहिलेल्या या लोकांनी तेलाचा घाणा धरला. शनिवारी घाणा बंद, म्हणून गावाने नाव ठेवलं शनवार तेली. सोमवार पाळणारे सोमवार तेली शेजारी होतेच, त्यामुळे कुणाला त्यात वावगं वाटलं नाही. पुढे डेव्हिड रहाबी नावाचा ज्यू त्यांच्यात आला. त्याचा काळ कोणता, यावर अभ्यासकांचं एकमत नाही. समाजात सांगतात ती गोष्ट अशी: हे खरोखर आपल्यातले आहेत का, हे पाहण्यासाठी त्याने बायकांपुढे तऱ्हेतऱ्हेची मासळी ठेवली. त्यांनी पर आणि खवले असलेले मासे तेवढे निवडले, बाकीचे बाजूला सारले. ‘हे आम्ही खात नाही’ एवढंच कारण दिलं. ग्रंथ बुडाला होता, पण नियम चुलीपाशी टिकून होता. कोकणात राहून कोळंबीला नाही म्हणायचं, याहून मोठी कसोटी कोणती!

सणांची नावं तर खास पाहण्यासारखी आहेत. ज्यू वर्षाच्या पहिल्या दिवसाला ते नव्याचा सण म्हणत, खिरीचा सण वेगळा. उपासाच्या एका दिवसाचं नाव बिरड्याचा रोजा. प्रायश्चित्ताच्या दिवशी घराची दारं लावून आत बसायचं, म्हणून तो दरफळणीचा सण, आणि दुसरा दिवस शिळा सण. मांस आणि दूध एका जेवणात चालत नाही, तेव्हा गोडाला नारळाचं दूध. गव्हाचा चीक काढून त्यात ते घालून केलेला हलवा नव्याच्या सणाला हवाच. द्राक्षासव कुठून आणणार? काळ्या मनुका भिजवून, कुस्करून, गाळून त्याचं सरबत प्रार्थनेला ठेवायचं. १८७४ मध्ये पुण्यात हगादा, म्हणजे वल्हांडणाच्या रात्री वाचायची पोथी, मराठी भाषांतरासह छापली गेली. तिच्यातल्या एका चित्रात बेखमीर भाकरी लाटणाऱ्या बायका जमिनीवर बसल्या आहेत, साड्या नेसून. मिसरमधून सुटका झालेल्या लोकांची ही पोथी चित्रापुरती पार कोकणातल्या ओसरीवर येऊन बसली.

इंग्रजांच्या काळात घाणे सुटले. पलटण, रेल्वे, दवाखाने आणि सरकारी कचेऱ्यांनी हा समाज मुंबई, पुणे, अहमदाबाद, कराचीत नेला. मुंबईतलं त्यांचं पहिलं सिनेगॉग १७९६ चं, सॅम्युएल इजिकेल दिवेकर या लष्करी माणसाने उभारलेलं. घरच्या भाषेत हे गृहस्थ सामाजी हसाजी दिवेकर. मुंबईचे महापौर डॉ. ई. मोझेस, चरित्र अभिनेते डेव्हिड, इंग्रजीतले कवी निस्सिम इझिकेल ही सगळी याच समाजाची माणसं.

१९४८ मध्ये इस्रायल झालं तेव्हा बेने इस्रायली सुमारे २०,००० होते. त्यांच्यावर इथे कुणी हात उगारला नव्हता. तरीही ते गेले. कुणी श्रद्धेने, कुणी मुलांच्या भवितव्यासाठी, कुणी भाऊबंद गेले म्हणून. आपण घरी चाललो आहोत, ही त्यांची समजूत होती. उतरवलं गेलं वाळवंटाच्या कडेला वसत असलेल्या नव्या गावांत. माझगाव-भायखळ्याच्या चाळींतून गेलेल्या माणसांना बीरशेबा कसं वाटलं असेल, याची कल्पना पुढच्या घटनेवरून येते. १९५१च्या अखेरीस काही कुटुंबांनी तेल अवीवमध्ये धरणं धरलं. मागणी एकच, आम्हाला परत मुंबईला पाठवा. १९५२ मध्ये शंभराहून अधिक माणसांना विमानाने परत पाठवण्यात आलं. इथे आल्यावर त्यांच्यातल्या बऱ्याच जणांना पुन्हा इस्रायलला जावंसं वाटू लागलं, आणि ते गेलेही! हसण्यावारी नेऊ नये अशी ही गोष्ट आहे.

त्याहून खोल जखम पुढची. १९६२ मध्ये तिथल्या मुख्य धर्मपीठाने विवाह लावणाऱ्या धर्मगुरूंसाठी निर्देश काढले, की बेने इस्रायली माणसाच्या विवाहाआधी त्याच्या वंशाची मागच्या पिढ्यांपर्यंत चौकशी करावी. कोकणात आल्यागेल्याला पहिला प्रश्न ‘तुम्ही कुणापैकी?’ असाच असतो, पण तो ओळख जुळवण्यासाठी. इथे तोच प्रश्न संशयाने विचारला जात होता. माणसं पुन्हा रस्त्यावर उतरली. १९६४च्या उन्हाळ्यात जेरुसलेमला आंदोलन झालं, संसदेचं खास अधिवेशन बोलवावं लागलं, आणि बेने इस्रायली सर्वार्थाने ज्यू आहेत असं सरकारला जाहीर करावं लागलं. त्यानंतर धर्मपीठाने निर्देशांतून त्यांचं नाव काढलं.

इथे एक अडचणीची बाबही सांगायला हवी. कोकणात असताना याच समाजात गोरे इस्रायल आणि काळे इस्रायल असे दोन थर होते. बाहेरच्या बाईपासून झालेल्या संततीचे वंशज ते काळे, अशी ही वाटणी. दोघांत रोटीबेटी व्यवहार नव्हता. वंशाची चौकशी करण्याची खोड एकट्या जेरुसलेमची नव्हती. मूळ गावाच्या आठवणी काढताना हा भाग सहसा कुणी काढत नाही.

दिमोना-अश्दोदमध्ये मग हळूहळू कोकण उभं राहिलं. चुलीवरची चव, लग्नाआधीची मेंदी, मराठी गाणी. नोहा मस्सिल यांनी ‘मायबोली’ हे मराठी नियतकालिक तिथून वर्षानुवर्षं चालवलं. आज भारतीय वंशाचे ज्यू तिथे ८०,०००च्या आसपास आहेत, आणि भारतात पाच हजारांच्या आतबाहेर. येणंजाणं मात्र बराच काळ जिकिरीचं होतं. दोन्ही देशांत पूर्ण राजनैतिक संबंध आले ते जानेवारी १९९२ मध्ये. मूळ गाव पाहायला येणाऱ्यांची रीघ लागली ती त्यानंतरची.

या शोधावरचं एक चांगलं पुस्तक इस्रायलमधून आलेलं नाही, अमेरिकेतून आलं आहे. सादिया शेपर्ड यांचं ‘द गर्ल फ्रॉम फॉरेन’, २००८ चं. त्यांची आजी रेचेल जेकब्स ही मुंबईची बेने इस्रायली मुलगी. मुसलमान माणसाशी लग्न करून ती राहत सिद्दिकी झाली आणि फाळणीनंतर कराचीला गेली. नात वाढली बोस्टनजवळ, मुसलमान आई आणि ख्रिस्ती वडिलांच्या घरात. आजीला दिलेल्या शब्दाखातर ती २००१ मध्ये भारतात आली आणि कॅमेरा घेऊन कोकणातल्या बेने इस्रायली घरांत गेली. पुस्तकाची ताकद अशी, की लेखिका कुठल्याच एका घरावर पूर्ण हक्क सांगत नाही. आणि ज्या कराचीत आजीचा संसार झाला, तिथेही बेने इस्रायलींनी १८९३ मध्ये सिनेगॉग बांधलं होतं. ते १९८८ मध्ये पाडलं गेलं.

रायगडात आलेल्या पाहुण्याला पाहायला काय मिळतं? नवगावचं कब्रस्तान आणि तिथला स्मृतिस्तंभ. अलिबागच्या खंडाळे-सागाव परिसरातला तो खडक, ज्यावरच्या खुणा एलियाहू हनाबीच्या, म्हणजे एलिया संदेष्ट्याच्या घोड्याच्या टापांच्या आणि रथाच्या चाकोऱ्यांच्या मानल्या जातात. जगभरचे ज्यू एलियाची वाट पाहतात, तो स्वर्गात गेला असं मानतात. बेने इस्रायलींच्या श्रद्धेप्रमाणे तो वाटेत कोकणात उतरला होता. नवस फेडायला माणसं इथे मलिदा करतात. ताटात भिजवलेले पोहे, किसलेला गूळ, ओलं खोबरं, वेलची, वर पाच तऱ्हांची फळं आणि गुलाबाच्या पाकळ्या. भोवती बसून हिब्रूतली प्रार्थना होते आणि मग ओंजळीत प्रसाद. आजीच्या हातचा मलिदा अश्दोदमध्ये खाल्लेल्या मुलीला हे ताट समजावून सांगावं लागत नाही.

अलिबागेत इस्रायल आळी आहे. तिथलं मागेन आबोथ सिनेगॉग १८४८ चं, सध्याची इमारत १९१० ची. रेवदंड्याचं बेथ एल त्याहून जुनं, १८४२ चं. नेहमीच्या प्रार्थनेला दहा पुरुष लागतात, आणि तेवढे जमवणं गावोगावी कठीण झालं आहे. येणारे पाहुणे बहुधा नवगावला जातात, फोटो काढतात आणि मुंबईमार्गे परततात. त्यांनी माझगाव गाठायला हवं. १८७५ मध्ये केहिमकरांनी सुरू केलेल्या शाळेत, आताच्या सर एली कदुरी शाळेत, त्यांची खरीखुरी आजी-आजोबा मंडळी शिकली. जहाजातले सात पुरुष आणि सात बायका दंतकथेतले. चाळीतल्या खोलीतून विमानतळावर गेलेलं कुटुंब मात्र पत्त्यासकट सापडू शकतं.

शोधाची खरी गोची कागदपत्रांत आहे. पाहुण्याला नाव ठाऊक असतं शमुवेल बेन यहेज्केल, तेही हिब्रू लिपीत. जुन्या दप्तरात तोच माणूस सामाजी वल्द हसाजी असतो, कधी मोडीत. हे दोघे एकच, हे सांगणारा जाणता माणूस गावात असला तर काम तासाभरात होतं. नसला तर पाहुणा समुद्र बघून परत जातो.

महाराष्ट्र सरकारने २०१६ मध्ये ज्यूंना अल्पसंख्याक दर्जा दिला. जन्म-विवाह नोंदी आणि संस्थांसाठी त्याचा उपयोग आहे, कबरींसाठी नाही. गावोगावच्या ज्यू कब्रस्तानांतल्या कित्येक शिळांवर हिब्रूबरोबर मराठी मजकूर आहे. खारा वारा अक्षरं खातो आणि अलिबाग तालुक्यात जमिनीला आलेला भाव कुंपणं सरकवतो. अलिबाग, पेण, रोह्याच्या महाविद्यालयांतल्या इतिहासाच्या विद्यार्थ्यांनी एका हिवाळ्यात या शिळा उतरवून घेतल्या, फोटो काढले आणि नावांची एक वही त्या त्या ग्रामपंचायतीत ठेवली, तर फार खर्च नाही. बाहेरून आलेला माणूस आधी तिथेच येऊन विचारतो.