व्हॉइस नोट एडिटिंगमध्ये येत नाही? असे करा

कौटुंबिक व्हिडिओत आजीची व्हॉट्सअ‍ॅपवरची व्हॉइस नोट घालायची आहे. मोबाइलवर ती नीट वाजते, पण एडिटिंगचे सॉफ्टवेअर 'फाइल चालत नाही' म्हणते. फाइल बहुधा खराब नसते. तिची भाषा त्या सॉफ्टवेअरला येत नसते.

आधी आत काय आहे ते पाहा. ऑडिओ फाइल म्हणजे डबा. आतला आवाज ज्या पद्धतीने दाबून लहान केलेला असतो, तिला कोडेक म्हणतात. व्हॉइस नोटमध्ये 'ओपस' कोडेक असतो आणि प्रीमियर प्रोसारखी सॉफ्टवेअर तो सहसा घेत नाहीत. व्हीएलसी प्लेअरमध्ये फाइल लावून 'टूल्स'मधील 'कोडेक इन्फर्मेशन' उघडले की कोडेकचे नाव दिसते.

इथे हमखास होणारी चूक म्हणजे फाइलच्या नावाचे शेपूट बदलून '.एमपी३' करणे. त्याने डब्यावरची चिठ्ठी बदलते, आतला माल तोच राहतो.

आता रूपांतर करू. ऑडॅसिटी हे मोफत सॉफ्टवेअर उघडून फाइल त्यात ओढा. जुन्या आवृत्तीत ओपससाठी 'एफएफएमपेग' वेगळे बसवावे लागते. मग 'एक्स्पोर्ट'मध्ये वेव्ह, 16 बिट निवडा.

तिथेच सॅम्पल रेट, म्हणजे सेकंदाला आवाजाचे किती नमुने घेतले तो आकडा, 48000 ठेवा. व्हिडिओत हाच रूढ आहे. एमपी३ टाळलेली बरी. तिचा बिटरेट बदलता असेल, तर काही सॉफ्टवेअरमध्ये आवाज ओठांच्या मागेपुढे सरकतो.

वेव्ह फाइल बरीच मोठी होते, स्टिरिओ असल्यास मिनिटाला सुमारे 11 एमबी. म्हणून आवाज सुधारला असे मात्र नाही. मुळात गेलेला तपशील परत येत नाही.

नवी फाइल एडिटिंगमध्ये घ्या आणि हेडफोन लावून ऐका. आवाज एकाच कानात येत असेल, तर क्लिपच्या ऑडिओ चॅनेलमध्ये 'मोनो' निवडा.

चित्र दिसते पण आवाज नाही, अशा व्हिडिओलाही हाच उपाय लागू पडतो. लिनक्सवरच्या मोफत डाव्हिन्ची रिझॉल्व्हमध्ये 'एएसी' कोडेकचा आवाज येत नाही. तेव्हा त्या व्हिडिओतला आवाज वेव्हमध्ये वेगळा काढून चित्राखाली जोडा.

व्हिडिओ पूर्ण होईपर्यंत मूळ व्हॉइस नोट पुसू नका. रूपांतरात काही चुकले, तर पुन्हा तिच्यापासूनच सुरुवात करावी लागेल.