जुन्या प्लेस्टेशनमधील खेळांची दुसरी प्रत

अंबड आणि आसपासच्या गावांतून जे तरुण सौदी, दुबई किंवा कतारला कमावण्यासाठी गेले, त्यांच्या सुट्टीच्या सामानातून घरी काय काय आले याची यादी केली तर ती मोठी होईल. अत्तराच्या बाटल्या, ब्लँकेट, खजूर, मिक्सर आणि मुलांसाठी एखादे खेळाचे यंत्र. दहा-बारा वर्षांपूर्वी हे यंत्र बहुधा प्लेस्टेशन ३ असायचे. ते २००६ च्या नोव्हेंबरात जपानमध्ये विक्रीला आले आणि २०१७ मध्ये त्याचे उत्पादन तेथेही थांबले. यंत्र जुने झाले तरी ते टाकून कोणी देत नाही. मामूने आणलेले, मग मोठ्याने खेळलेले, आता धाकट्याच्या हातात, असे ते घरात टिकून राहते. खेळाला मुलांनी किती वेळ द्यावा हा विषय वेगळा आहे आणि त्यावर या मासिकातून पुष्कळ लिहून झाले आहे. आज बोलायचे आहे ते त्या यंत्राच्या पोटात काय साठले आहे आणि ते यंत्र बंद पडले तर त्याचे काय होईल, याबद्दल.

आमच्या पिढीला ही चिंता नव्हती. उन्हाळ्याच्या सुट्टीत ताशी भाड्याने मिळणाऱ्या व्हिडिओ गेमवर आम्ही मारिओ आणि काँट्रा खेळलो. खेळ पिवळ्या कॅसेटमध्ये असायचा. कॅसेट लागली नाही की तिला फुंकर मारायची, पुन्हा बसवायची. यंत्र बिघडले तर तीच कॅसेट शेजाऱ्याच्या यंत्रात चालायची. खेळ म्हणजे हातात धरता येणारी वस्तू होती आणि ती ज्याच्या हातात, त्याची. नंतर सीडी, डीव्हीडी आल्या तरी हिशोब तोच राहिला.

प्लेस्टेशन ३ च्या काळात हा हिशोब बदलला. डिस्क घ्यायची किंवा यंत्रातल्याच दुकानातून, इंटरनेटवरून, खेळ उतरवून घ्यायचा, असे दोन मार्ग झाले. दुसऱ्या मार्गाने घेतलेला खेळ यंत्राच्या हार्डडिस्कवर राहतो आणि तो चालवण्याची परवानगी खरेदी करणाऱ्याच्या खात्याला व त्या यंत्राला बांधलेली असते. पैसे दिले म्हणजे खेळ आपला झाला, असे आपण धरून चालतो. प्रत्यक्षात मिळते ती वापरण्याची परवानगी. अमेरिकेतील कॅलिफोर्निया राज्याने २०२४ मध्ये कायदाच केला की अशा मालावर ‘विकत घ्या’ असे लिहायचे असेल, तर ही केवळ परवानगी आहे हे गिऱ्हाईकाला स्पष्ट सांगितले पाहिजे. हा कायदा १ जानेवारी २०२५ पासून लागू आहे. आपल्याकडे असे काही सांगण्याची पद्धत अजून नाही.

आणि ही दुकाने कायमची उघडी राहत नाहीत. निन्टेन्डो कंपनीच्या वी या यंत्राचे दुकान ३० जानेवारी २०१९ रोजी बंद झाले. त्याच कंपनीच्या थ्रीडीएस आणि वी यू या यंत्रांवरील खरेदी २७ मार्च २०२३ ला थांबली. मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स ३६० चे दुकान २९ जुलै २०२४ रोजी मिटले. प्लेस्टेशन ३ ची गोष्ट जरा निराळी आहे. सोनीने २०२१ च्या मार्चअखेर जाहीर केले की हे दुकान २ जुलैला बंद होईल. खेळाडूंनी जगभरातून नाराजी कळवली, तेव्हा तीनच आठवड्यांनी, १९ एप्रिलला कंपनीने तो निर्णय मागे घेतला. दुकान राहिले, पण त्याच वर्षीच्या ऑक्टोबरपासून त्या यंत्रावर कार्डाने थेट पैसे भरणे बंद झाले. दुकान बंद होणे म्हणजे आधी घेतलेले खेळ लगेच पुसले जाणे नव्हे. बहुतेक ठिकाणी जुनी खरेदी पुन्हा उतरवून घेण्याची सोय काही काळ ठेवली जाते. पण ती सोय कंपनीच्या मर्जीवर असते. अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या संस्थेने २०२३ मध्ये पाहणी केली, तेव्हा तेथे २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ आज कोणत्याही दुकानात सरळ मार्गाने मिळत नाहीत असे आढळले.

आता आमच्या ओळखीच्या एका घराची हकीकत. त्या घरातील दोन मुली आमच्याच शाळेत शिकल्या. मोठीचे लग्न होऊन ती परभणीला गेली, धाकटी बारावीला आहे. त्यांच्या मामूंनी दम्मामहून आणलेल्या यंत्रात सगळे खेळ सौदीतील खात्यावरून घेतलेले, डिस्क एकही नाही. यंत्र सुरू करताना टक-टक आवाज येऊ लागला. गावातील दुरुस्तीवाल्याने सांगितले की हार्डडिस्क जुनी झाली आहे, नवी टाकून देतो, आतले मात्र सगळे जाईल. शाळेत संगणकाचे काम आमच्याकडे असते म्हणून मुलींच्या अम्मींनी निरोप धाडला, ‘सर, जरा बघून जा.’

आम्हाला वाटले, खेळांच्या किमतीची काळजी असेल. ती होतीच, कारण मामूंनी रियाल खर्च केले होते. पण धाकटीची घालमेल वेगळ्याच गोष्टीसाठी होती. त्या यंत्रात लिटलबिगप्लॅनेट नावाचा खेळ आहे. यात खेळणारा स्वतःची दुनिया रचू शकतो. (काही वाचकांना हे नाव आठवेल. ऑक्टोबर २००८ मध्ये हा खेळ बाजारात येता येता थांबवला गेला होता. त्यातील एका गाण्यात कुरआनमधील शब्द संगीतावर गायले आहेत हे एका खेळाडूच्या लक्षात आले, आणि सोनीने छापून झालेल्या डिस्क परत मागवून ते गाणे काढून टाकले.) या दोघी बहिणींनी चार-पाच वर्षांच्या सुट्ट्यांत मिळून त्यात आपली गल्ली उभी केली होती. हातपंप, नळावरची रांग, दादीजानचा तख्त, अब्बांची मोसंबीची बाग आणि बागेत पळणारे कुत्रे. दादीजान आता नाहीत. आणि ही गल्ली जगात फक्त त्या टक-टक करणाऱ्या हार्डडिस्कवर होती. असे रचलेले जग पूर्वी इंटरनेटवर पाठवता येत असे, पण प्लेस्टेशन ३ वरील या खेळाचे सर्व्हर सप्टेंबर २०२१ मध्ये कायमचे बंद झाले.

प्रत काढायची म्हटले की लोक खेळांचा विचार आधी करतात. आमच्या मते क्रम उलटा हवा. खेळ निदान आज तरी पुन्हा उतरवता येतो. मुलांनी त्यात जे केले, म्हणजे ज्याला सेव्ह डेटा म्हणतात, ते कोणत्याच दुकानात नाही. म्हणून प्लेस्टेशन ३ मध्ये प्रथम खेळाच्या विभागातील सेव्ह डेटा युटिलिटी उघडावी आणि एकेक नोंद पेनड्राइव्हवर उतरवावी. हे काम काही मिनिटांचे असते. काही नोंदींवर नक्कल करण्यास मनाई असल्याची खूण दिसेल. त्या अशा उतरत नाहीत, त्यांच्यासाठी पुढचा मार्ग आहे.

तो मार्ग म्हणजे सेटिंग्जमध्ये सिस्टीम सेटिंग्ज आणि त्यात बॅकअप युटिलिटी. यंत्राला बाहेरची यूएसबी हार्डडिस्क जोडली की ही सोय आतील खेळ, नोंदी, फोटो, सगळे एका गठ्ठ्यात तिच्यावर उतरवते. बाहेरची डिस्क फॅट ३२ या पद्धतीने फॉरमॅट केलेली असावी लागते, नाहीतर यंत्र तिला ओळखतच नाही. विंडोज संगणक नेहमीच्या पद्धतीने ३२ जीबीपेक्षा मोठी डिस्क या पद्धतीने फॉरमॅट करून देत नाही, त्यासाठी एखादे फुकट मिळणारे सॉफ्टवेअर वापरावे लागते. फॉरमॅट केल्यावर त्या डिस्कवरचे आधीचे सगळे पुसले जाते, तेव्हा लग्नाचे फोटो असलेली डिस्क यासाठी घेऊ नये.

काम सुरू झाले की यंत्र मध्येच बंद होता कामा नये. आमच्याकडे वीज कधी जाईल याचा भरवसा नाही, म्हणून त्या घरी आम्ही टीव्ही आणि यंत्र इन्व्हर्टरवर घेतले आणि इशाच्या नमाजनंतर काम सुरू केले. फजरच्या आधी कधीतरी ते पूर्ण झाले. आतली डिस्क आजारी असेल तर मधेच चूक दाखवून काम थांबूही शकते. म्हणूनच सेव्ह डेटा आधी वेगळा काढून घ्यायचा. खेळताना मिळालेल्या ट्रॉफी या गठ्ठ्यात येत नाहीत. त्या हव्या असतील तर इंटरनेटला जोडून खात्याशी जुळवून ठेवाव्यात.

यानंतर नवी डिस्क. प्लेस्टेशन ३ मध्ये लॅपटॉपला लागते तीच अडीच इंची साटा हार्डडिस्क चालते आणि ती बदलण्यासाठी सगळे यंत्र उघडावे लागत नाही. नवी डिस्क बसवल्यावर यंत्र आपले सॉफ्टवेअर मागते. ते सोनीच्या संकेतस्थळावरून आधीच पेनड्राइव्हवर घेऊन ठेवावे आणि फोल्डरांची नावे तिथे सांगितल्याप्रमाणे इंग्रजी मोठ्या अक्षरांतच द्यावीत, नाहीतर यंत्राला फाइल सापडत नाही. मग त्याच बॅकअप युटिलिटीतून गठ्ठा परत आत घ्यायचा. परत घेताना यंत्रात जे असेल ते पुसून जाते हे लक्षात ठेवावे.

इथे एक महत्त्वाची अट आहे. हा गठ्ठा कुलूपबंद असतो. प्रत्येक प्लेस्टेशन ३ ची किल्ली वेगळी आहे. जुनी हार्डडिस्क काढून संगणकाला लावली तर काही वाचता येत नाही. गठ्ठा दुसऱ्या प्लेस्टेशन ३ वर उलगडला तर काही गोष्टी येतात, पण मनाईची खूण असलेल्या नोंदी येत नाहीत. म्हणजे ही प्रत डिस्क मेली तर वाचवते, यंत्र मेले तर पुरते वाचवत नाही. यंत्राचाच भरवसा वाटत नसेल आणि ते अजून चालू असेल, तर जुन्या बाजारातून दुसरे प्लेस्टेशन ३ घेऊन दोन्ही यंत्रे नेटवर्कच्या केबलने जोडावीत आणि डेटा ट्रान्सफर युटिलिटी वापरावी. यात मनाईच्या नोंदीही जातात. मात्र त्यांची नक्कल होत नाही, त्या इकडून तिकडे हलवल्या जातात. यंत्र एकदा पूर्ण बंद पडले की हा दरवाजा बंद होतो.

दुसऱ्या यंत्रावर खेळ चालवायचे तर ज्याच्या खात्यावर खरेदी झाली त्याने तिथे लॉगिन करून यंत्र सक्रिय करावे लागते. एका खात्यावर एका वेळी दोनच प्लेस्टेशन ३ चालतात. गल्फहून आलेल्या यंत्रांची खरी अडचण येथे येते. खाते मामूंचे, ईमेल जुन्या कंपनीतला, तो मोबाइल नंबर तिथेच सुटलेला. खात्याचा देश नंतर बदलता येत नाही, त्यामुळे सौदीच्या खात्यात भारतातील दुकानाचे पैसेही भरता येत नाहीत. तेव्हा मामू, चाचा किंवा भाईजान पुढच्या वेळी फोन करतील, तेव्हा खैरियत विचारून झाल्यावर खात्याचा ईमेल आणि पासवर्डही विचारून घ्यावा, आणि ईमेल बंद पडण्याच्या बेतात असेल तर त्यांच्याकडूनच तो बदलून घ्यावा. खात्याला मोबाइलवर येणाऱ्या कोडचे संरक्षण दिले असेल, तर जुन्या यंत्रावर साधा पासवर्ड चालत नाही. खात्याच्या सेटिंगमधून त्यासाठी वेगळा पासवर्ड काढावा लागतो.

पालक हमखास विचारतात की अशी प्रत काढणे चोरी तर नाही ना. आपल्या देशाचा १९५७ चा कॉपीराइट कायदा याबाबत स्पष्ट आहे. कलम ५२ मध्ये म्हटले आहे की संगणक प्रोग्रामची प्रत ज्याच्याकडे कायदेशीररीत्या आहे, त्याने हरवण्या-बिघडण्यापासून तात्पुरते संरक्षण म्हणून, आणि ज्या कामासाठी प्रोग्राम घेतला त्याच कामासाठी, राखीव प्रत काढली तर तो गुन्हा नाही. शेजारच्या मुलाला तीच प्रत करून देणे यात बसत नाही. दुकानदार ‘जेलब्रेक करून देतो, हजार गेम टाकून देतो’ म्हणतो तेही बसत नाही. २०१२ च्या दुरुस्तीने आलेल्या कलम ६५ क नुसार दुसऱ्याचा हक्क डावलण्याच्या हेतूने कुलूप तोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊ शकतो. हजार फुकट खेळांपेक्षा घरातले अकरा खरेदीचे खेळ बरे, असे आम्ही त्या घरी सांगितले. धाकटीला ते फारसे पटले नसावे.

एक लहानसा भाग मात्र कोणाच्याच ध्यानात येत नाही. यंत्राच्या आत वेळ लक्षात ठेवणारी नाण्याएवढी बॅटरी असते, सीआर २०३२ नावाची, घड्याळाच्या दुकानातही मिळते. ती संपली की यंत्र तारीख विसरते, आणि उतरवून घेतलेले खेळ तारखेची खात्री पटेपर्यंत सुरू होत नाहीत. ही तारीख इंटरनेटवरून मिळते. सर्व्हर आहेत तोवर ही किरकोळ अडचण आहे. यंत्र साफसफाईसाठी उघडलेच असेल तर ती बदलून घ्यावी.

त्या घरात नव्या डिस्कवर गल्ली जशीच्या तशी उघडली. परभणीहून मोठीने व्हिडिओ कॉलवर ती पाहिली आणि पहिली तक्रार केली की धाकटीने मधल्या काळात हातपंपाची जागा बदलली आहे. बॅकअपची डिस्क आता अम्मींनी कपाटात, रेशनकार्ड आणि खरेदीखताच्या पिशवीत ठेवली आहे. तिच्यावर मार्करने यंत्राचा क्रमांक, तारीख आणि मामूंच्या खात्याचा ईमेल लिहिला आहे.