छायालेखक मारियुस सेस्तिए

मराठी चित्रपटांच्या श्रेयनामावलीत ‘छायालेखन’ असा एक शब्द येतो. त्यातील ‘लेखन’ या पदाकडे आपण समीक्षकांनी जवळजवळ कधीच लक्ष दिलेले नाही. कथा, संवाद, गीते यांची चिकित्सा आपण साहित्य म्हणून करतो. छायेचे लेखन करणाऱ्यास मात्र कारागीर समजून दाराबाहेर बसवतो. वस्तुतः लुमिएर बंधूंनी आपल्या यंत्रास दिलेल्या ‘सिनेमातोग्राफ’ या नावाचाही ग्रीक धात्वर्थ ‘गतीचे लेखन’ असाच आहे. या लेखनाचा मुंबईशी पहिला संबंध आणणाऱ्या फ्रेंच माणसाची कारकीर्द म्हणूनच पुन्हा वाचून पाहण्याजोगी आहे.

मारियुस सेस्तिए याचा जन्म १८६१ सालचा, दक्षिण फ्रान्समधील सोझे गावचा. व्यवसायाने तो औषधविक्रेता. लुमिएर कंपनीने त्याला ऑस्ट्रेलियाच्या वाटेवर हिंदुस्थानात पाठविले आणि ७ जुलै १८९६ रोजी त्याने मुंबईच्या वॉटसन हॉटेलात, म्हणजे पुढे एस्प्लनेड मॅन्शन या नावाने ओळखल्या गेलेल्या इमारतीत, खेळ केला. तिकीट एक रुपया. पॅरिसमधील पहिल्या जाहीर खेळास तेव्हा पुरते सात महिनेही झाले नव्हते. वर्तमानपत्रातील जाहिरातीने या खेळास शतकाचा चमत्कार व जगाचे आश्चर्य म्हटले होते. आठवड्याने, १४ जुलैपासून, प्रयोग नॉव्हेल्टी नाट्यगृहात गेले. तेथे दर चार आण्यांपासून सुरू होत आणि पडदानशीन स्त्रियांसाठी वेगळे कक्ष राखलेले असत. वॉटसन हे गोऱ्यांचे हॉटेल; तेव्हा मुंबईकराशी चित्रपटाची खरी भेट नॉव्हेल्टीत झाली, असे म्हणावयास हरकत नाही.

पहिल्या दिवशीच्या सहा दृश्यांपैकी एक आगगाडीच्या आगमनाचे होते. पडद्यावर गाडी येताच प्रेक्षक भयाने पळाले ही जगभर सांगितली जाणारी आख्यायिका आहे. ती मुंबईस लावण्याचे काही कारण नाही. मुंबईने आगगाडी १८५३ पासून पाहिली होती, आणि १८७० मध्ये मुंबई व कलकत्ता या दोन्ही बाजूंचे लोहमार्ग आमच्या जबलपुरात येऊन एकमेकांस मिळाले होते. चमत्कार गाडीचा नव्हता. गाडी नसताना तिचे चालणे दिसावे, याचा होता.

येथवरची हकिकत आपल्या इतिहासग्रंथांतून येते, आणि येथेच थांबते. सेस्तिए म्हणजे पहिला खेळ दाखविणारा, एवढीच त्याची ओळख उरते. परंतु लुमिएरचा प्रतिनिधी केवळ खेळ दाखविणारा नव्हता. त्याच्या हातातील लाकडी पेटी हीच दृश्य टिपणारी, प्रत छापणारी आणि पडद्यावर फेकणारीही होती. हाताने दांडा फिरवावयाचा, सुमारे सतरा मीटरची फीत पन्नास सेकंदांत संपावयाची. सेस्तिएने मुंबईतही चित्रण केले. ते साधले नाही. लुमिएर कंपनीच्या दृश्यसूचीत त्याच्या मुंबईला जागा मिळाली नाही.

का साधले नाही? मला दोन कारणे संभवतात. पहिले अगदी साधे आहे. त्या काळच्या फितीला भरपूर ऊन लागे, आणि जुलै-ऑगस्टातल्या मुंबईत आभाळ झाकोळलेले. त्यातून दमट हवेत रसायने वापरून फीत धुवावयाची. औषधविक्रेत्याचे रसायनज्ञानही तेथे किती पुरणार? दुसरे कारण त्याच्या पुढील यशात दडलेले आहे. सप्टेंबरात सिडनीला त्याने खेळ सुरू केले, आणि ३ नोव्हेंबर १८९६ रोजी मेलबर्न कपच्या घोड्यांच्या शर्यतीचे चित्रण केले. ते उत्तम उतरले व आजही पाहावयास मिळते. यंत्र तेच, माणूस तोच. ऋतू मात्र निराळा, आणि सोबतीला एच. वॉल्टर बार्नेट हा तेथील नामांकित छायाचित्रकार. कोणत्या जागेवर उभे राहावे, गर्दी कशी वळवावी, त्या मुलखाचे ऊन कसे असते, हे बार्नेटला ठाऊक होते. शर्यतीच्या दृश्यांत तो स्वतःच लोकांना हातवारे करून हलवताना दिसतो. मुंबईच्या हकिकतीत असा कोणी सोबती दिसत नाही. परभाषेतील ग्रंथाचे भाषांतर करताना त्या भाषेच्या घरचे कोणी जवळ नसले, तर शब्दकोश हाती असूनही वाक्य उभे राहत नाही, हा अनुभव माझ्या व्यवसायातील प्रत्येकाला आहे. प्रकाशालाही स्थानिक बोली असते, असे मला वाटते.

ती बोली जाणणारा माणूस मुंबईत होता; मात्र तो कॅमेऱ्यामागे आला तीन वर्षांनी. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांचा स्वतःचा छायाचित्रणाचा व्यवसाय होता. लुमिएरच्या खेळांनी भारून जाऊन त्यांनी इंग्लंडहून २१ गिनींचा कॅमेरा मागविला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा व कृष्णा न्हावी या पहिलवानांची कुस्ती टिपली. फीत धुण्यासाठी मात्र इंग्लंडलाच पाठवावी लागली. १९०१ च्या डिसेंबरात रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, तेव्हा चौपाटीवरील त्यांच्या स्वागताचेही चित्रण सावेदादांनी केले. लुमिएरची दृश्ये कारखाना, समुद्रस्नान, आगगाडी अशी. सावेदादांनी निवडला आखाडा, आणि गणितात नाव काढून आलेला कोकणचा तरुण. विषयाची ही निवड म्हणजे लेखन नव्हे, तर काय? सेस्तिएचे मुंबईतील चित्रण सूचीत शिरले नाही, सावेदादांच्या फिती काळाने नेल्या. तरीही आपण पहिल्याला ‘प्रथम’ म्हणून आणि दुसऱ्याला ‘हौशी’ म्हणून दोन ओळींत संपवतो, हे मला न्याय्य वाटत नाही.

सेस्तिए १८९७ मध्ये फ्रान्सला परतला आणि १९२८ मध्ये जन्मगावी, सोझे येथेच वारला. कॅमेऱ्यामागील त्याची कारकीर्द जेमतेम वर्षभराची. मुंबईने तिच्यातला दाखविणारा लक्षात ठेवला, ऑस्ट्रेलियाने टिपणारा. आपल्या विस्मरणास केवळ परकेपणाचे निमित्त पुरत नाही. दादासाहेब फाळक्यांच्या १९१३ सालच्या ‘राजा हरिश्चंद्र’चे नाव साहित्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याला ठाऊक असते, त्या चित्रपटाचे छायालेखन त्र्यंबक तेलंग यांनी केले, हे किती जणांना सांगता येईल?